पट्टी नावाची बाई

दिल्लीतल्या बहिऱ्या माणसांमध्ये माझं नाव 'पट्टी' आहे. उजव्या हाताची दोन बोटं जोडायची आणि डाव्या हाताच्या पाठीवर सटकन मारायची, झाली माझी ओळख करून. आधार कार्डावर वेगळं नाव आहे, सासूबाईंनी लग्नात आणखी वेगळं ठेवलं होतं. पण खुणांच्या भाषेची दुभाषी म्हणून मी जिथे जिथे गेले, तिथे माझ्याआधी ही दोन बोटं पोचलेली असायची.

हे नाव आपलं आपण ठेवता येत नाही, मागूनही मिळत नाही. बहिरी मंडळी तुम्हाला निरखतात आणि तुमच्यातलं काहीतरी उचलतात. मिशी, गालावरची खळी, चालण्याची ढब, काहीही. एकदा पडलं की पडलं. एका बड्या अधिकाऱ्याचं नाव नाकात बोट घालून दाखवतात. साहेब व्यासपीठावर दिव्यांगांच्या हक्कांवर कळकळीने बोलत असत आणि मी शेजारी उभी राहून, चेहरा सरळ ठेवून, त्यांचं भाषण हातांनी सांगत असे. त्या मानाने माझं नाव सभ्य म्हणायला हवं.

ते कसं पडलं असं कोणी विचारलं की मी आजवर चहाचा विषय काढत आले. यंदा आमच्या मराठी मंडळाने दिवाळी अंकासाठी लेख मागितला. निवृत्तही झाले आहे, आता कोणाची भीती? तर सांगून टाकते. मी मुलांच्या हातांवर पट्टी मारत असे.

कर्णबधिर मुलांना शिकवायचा कोर्स मी पुण्यात केला, लग्न होऊन गाझियाबादला आले आणि दिल्लीतल्या एका शाळेत वाचा शिकवायला लागले. वाचा शिकवायची म्हणजे मूल आरशासमोर बसवायचं. ओठांपुढे कागदाचा कपटा धरायचा, 'प' नीट म्हटला की कपटा हलतो. 'ग' म्हणताना मुलाचा हात आपल्या गळ्यावर ठेवायचा, म्हणजे थरथर कळते. समोरचा काय बोलतो ते मुलाने ओठांवरून ओळखायचं. घरी आरशासमोर उभं राहून 'पापा', 'बाबा' आणि 'मामा' म्हणून बघा. ओठ तिन्ही वेळा सारखेच दिसतील. आम्ही सहा-सात वर्षांच्या पोरांकडून हे ओळखून मागत होतो आणि नाही जमलं की त्यांना मंद म्हणत होतो.

शाळेचा पक्का समज होता, की हात बोलू लागले की जीभ आळशी होते. म्हणून वर्गात हात मांडीखाली घेऊन बसायचं. वर आले तर पट्टी. मी काही दुष्ट नव्हते हो. मनापासून वाटायचं की मी त्यांचं भलं करते आहे, आणि त्यामुळेच माझा हात कधी अडखळला नाही.

त्या वर्गात सारिका होती. वय सात. वडील फौजेत हवालदार, मूळचे साताऱ्याकडचे, राहायला दिल्ली कँटोन्मेंटमध्ये. एक वर्ष घासल्यावर ती 'पाणी' आणि 'आबा' हे दोन शब्द म्हणायला शिकली होती. एके दिवशी मधल्या सुट्टीत पाण्याच्या टाकीमागे मुलांचा घोळका दिसला. मधोमध सारिका. कँटोन्मेंटमधला आचारी पोळी पळवणाऱ्या कुत्र्यामागे लाटणं घेऊन कसा धावला आणि चिखलात कसा बसला, ते ती हातांनी सांगत होती. आचारी तीच, कुत्राही तीच. मुलं हसून लोळत होती. मलासुद्धा सगळं समजलं, आता आठवतं तसं हसूही आलं होतं. तरी मी तिला ओढून काढलं आणि दोन्ही हातांवर तीन-तीन पट्ट्या मारल्या. ती रडली नाही. फ्रॉकच्या खिशात हात घालून वर्गात निघून गेली.

त्याच आठवड्यात तिचे वडील, आबा, भेटायला आले. खुर्चीवर बसलेच नाहीत.

"बाई, पोरगी पानी म्हनती, आबा म्हनती, लई बरं वाटतं," ते म्हणाले. "पन घरी आली की मी इचारतो, आज साळंत काय झालं? त्ये काय सांगत न्हाई. त्ये कवा सांगंल?"

"धीर धरा, अजून सराव हवा," मी म्हटलं.

"बरं," म्हणाले आणि गेले. घरी काय झालं ते पोरगी टाकीमागे उत्तम सांगत होती. मी तिला मारून गप्प केलं होतं आणि आता तिच्या बापाला धीर धरायला सांगत होते. तो प्रश्न माझ्या मागे लागला तो लागलाच. पुढच्या वर्षी मुलाच्या वेळी दिवस गेले, मी नोकरी सोडली, आणि खरं सांगायचं तर सुटल्यासारखं वाटलं.

बारा वर्षं गेली. एकदा कस्तुरबा गांधी मार्गावर यजमानांच्या कामासाठी गेले होते. संध्याकाळची वेळ, फुटपाथवर वीस-पंचवीस तरुण मंडळी दाटीवाटीने उभी. आवाज नाही, पण गलका केवढा! हात, भुवया, खांदे, सगळं बोलत होतं. बहिऱ्या मंडळींचा तो आठवड्याचा अड्डा होता. मी बघत उभी राहिले. तेवढ्यात त्यांच्यातल्या एका उंच मुलीने मला पाहिलं, डोळे बारीक केले, आणि डाव्या हाताच्या पाठीवर दोन बोटं सटकन मारली. मग माझ्याकडे बोट केलं. सगळे माझ्याकडे वळले आणि हसले. मला खुणा येत नव्हत्या, पण एवढं कळलं. ती सारिका होती.

मला पळून जावंसं वाटलं. पण तिने पर्समधून कागद काढला आणि हिंदीत लिहिलं, "सीखना है?" मी मान डोलावली. अशी मी माझ्याच विद्यार्थिनीची विद्यार्थिनी झाले. ती कडक मास्तरीण. माझा चेहरा मख्ख राहतो म्हणून ती हैराण व्हायची. खुणांच्या भाषेत प्रश्न भुवयांनी विचारतात, नकार मानेने देतात. नुसते हात हलवणारा माणूस त्यांना एकसुरी वाचणाऱ्यासारखा कंटाळवाणा वाटतो. माझ्या भुवयांना वळण लागायला दोन वर्षं गेली.

मग मी दुभाषी झाले. या कामाचे नियम थोडेच आहेत. कपडे गडद आणि साधे, म्हणजे हात उठून दिसतात. उजेड आपल्या तोंडावर हवा. पहिल्यांदा गुरुग्रामच्या एका ऑफिसात मुलाखतीसाठी गेले तेव्हा मोठ्या काचेच्या खिडकीकडे पाठ करून ऐटीत बसले. पलीकडच्या बहिऱ्या उमेदवाराला माझी नुसती काळी आकृती दिसत होती. बिचारा दहा मिनिटं सौजन्याने मान हलवत होता.

आणि मुख्य नियम, दुभाष्याने आपलं काही घालायचं नाही, त्यांचं काही गाळायचं नाही. बहिरा माणूस 'मी' म्हणाला की आपणही 'मी' म्हणायचं. 'हे असं म्हणतात' नाही. यातून गमती होतात. एका लग्नात भटजी मला म्हणाले, "आता यांना सांगा, मी म्हणतो तसं म्हणा." मी सांगायला लागले, तर वधूवर दोघंही डोळ्यांत प्राण आणून माझ्याकडे बघताहेत. माझंच लग्न लागतंय की काय असं वाटायला लागलं. मंत्र संस्कृतात, मला त्यातलं ओ की ठो कळेना. भटजींना अर्थ विचारला तर ते म्हणाले, "मुहूर्त निघून जाईल हो!" नवरीने हातांनी विचारलं, यांना तरी ठाऊक आहे का? ते मी नियमाप्रमाणे मोठ्याने बोलून दाखवलं. मांडव हसला, भटजी लग्न लागेपर्यंत माझ्याशी बोलले नाहीत.

एवढा नियमाचा अभिमान बाळगणाऱ्या माझ्या हातून तो एकदाच मोडला, आणि तोही नेमका सारिकाच्या बाबतीत.

सारिकाने खुणांची भाषा शिकवण्याचा रीतसर डिप्लोमा केला आणि अर्ज केला तो आमच्या त्या जुन्या शाळेत. "दुसरीकडे कर ना," मी म्हटलं होतं. तिने नकाराची मान हलवली. "तिथलीच मुलं अजून टाकीमागे बोलतात," ती म्हणाली. पट्टी आता बंद झाली होती, पण वर्गात खुणा अजून नव्हत्याच. आजवर तिथे एकही बहिरी शिक्षिका झाली नव्हती.

मुलाखतीला दुभाषी मीच होते. समोर प्राचार्या चोप्रा मॅडम आणि संस्थेचे गुप्ताजी. चोप्रा मॅडम नव्या होत्या, मला ओळखत नव्हत्या. सगळं छान चाललं होतं. मग गुप्ताजींनी विचारलं, "अच्छा, मान लीजिए क्लास में कोई बच्चा रो पड़ा. इन्हें पता कैसे चलेगा?"

सारिकाचे हात लगेच उठले. "मला कळेल. मी या शाळेत पुष्कळ रडले आहे. दर वेळी बाई फळ्याकडे तोंड करून लिहीत असायच्या. त्यांचे कान चांगले होते."

त्या बाई मीच होते. माझ्या तोंडून गोड आवाजात निघालं, "जी, मेरी नज़र हमेशा बच्चों पर रहेगी."

गुप्ताजी प्रसन्न हसले. "बहुत अच्छे!" सारिका त्यांच्याकडे बघत राहिली. माणसाचे चेहरे वाचण्यात जिचा जन्म गेला, तिला फसवणं सोपं नसतं. एवढं बोचरं उत्तर ऐकून माणूस हसेल कसा? ती माझ्याकडे वळली. "तुम्ही काय सांगितलंत?" माझे हात मांडीवरच राहिले. तिने डाव्या हाताच्या पाठीवर हळूच दोन बोटं मारली. या वेळी ती माझं नाव घेत नव्हती.

तिची नोकरी वाचवते आहे अशी मी मनाची समजूत घातली होती. वाचवत होते ते स्वतःला. मग बोलले. "सर, मॅडम, माफ़ कीजिए. मैंने इनका जवाब बदल दिया था. असली जवाब ये है." आणि तिचा शब्दन् शब्द सांगितला.

मग चोप्रा मॅडमनी विचारलं, "वो टीचर कौन थीं?"

"मैं," मी म्हणाले, आणि तेच हातांनीही सांगितलं, सारिकाला कळावं म्हणून.

गुप्ताजींनी कागद आवरायला घेतले. "देखिए, टैलेंट तो है. असिस्टेंट रख लेते हैं. टीचर बनाया तो पेरेंट्स नहीं मानेंगे." सारिकाने उत्तर दिलं आणि मी या वेळी जसंच्या तसं बोलले, "असिस्टेंट नहीं बनूँगी. शनिवार को पेरेंट्स मीटिंग है. सबके सामने एक पीरियड दीजिए. उसके बाद जो कहेंगे, मान लूँगी." चोप्रा मॅडम तिच्याकडे बघत होत्या. "दिया," त्या म्हणाल्या. गुप्ताजींनी कागद परत टेबलावर ठेवले.

बाहेर आल्यावर मी सारिकाला म्हटलं, शनिवारी दुसरी दुभाषी बोलाव. ती म्हणाली, "नाही. तुम्हीच या. पण आहे तेच बोला."

शनिवारी हॉल भरला होता, पुढे जमिनीवर दुसरीची मुलं, मागे पालक. मागच्या रांगेत आबा बसले होते, आता निवृत्त, मिशा पांढऱ्या. पालकांच्या पहिल्या रांगेत शबनम नावाची एक आई होती, तिची आठ वर्षांची झोया याच शाळेत दुसरीत. सुरुवातीलाच ती उठली. "मैडम, हम बच्ची को बोलना सिखाने भेजते हैं. हाथ नचाना तो वो खुद ही जानती है. जो मैडम खुद नहीं सुन सकतीं, वो क्या सिखाएँगी?" चार-पाच जणांनी माना डोलावल्या. हरलो आपण, असं मला वाटलं. मी सारिकाला सगळं सांगितलं, काही न गाळता. तिने नुसती मान डोलावली.

मग तिने भिंतीवरचं बटण दाबून हॉलच्या दिव्यांची दोनदा उघडझाप केली. बहिऱ्यांमध्ये हाक अशी मारतात. पंधरा मुलं एकदम तिच्याकडे वळली. तिने एकच प्रश्न विचारला, "कोणाच्या घरी काय झालं?" क्षणभर मुलांनी इकडेतिकडे पाहिलं. काहींचे हात अजून मांडीखाली होते. सारिकाने आपले हात वर धरून नुसते हलवले, चालतंय, काढा. आणि मग बांध फुटला. कोणाच्या गायीला वासरू झालं होतं, कोणाचा काका मेट्रोत चुकीच्या बाजूला उतरला होता. मुलांच्या खुणा घरगुती, आपसांत बनवलेल्या. मला अर्ध्या कळत होत्या, सारिकाला सगळ्या. ती त्या नीट करून मला सांगायची आणि मी मोठ्याने बोलायचे. पालक आपल्या मुलांकडे नवीन कोणी पाहुणे आल्यासारखे बघत होते.

झोया शेवटी उठली. तिने नानीची पाठ वाकवून दाखवली, कप दाखवला, कप फुटला. मग खाट उचलून नेली, लोक आले, जेवले, रडले. नानी नाही. तिने सारिकाला काहीतरी विचारलं. सारिकाचा चेहरा पालटला. तिने दोनदा विचारून खात्री केली आणि मला सांगितलं. मी बोलले, "मुझसे नानी का कप टूट गया था. उसके बाद नानी चली गईं. वो मुझसे नाराज़ होकर गईं क्या? कब आएँगी?"

शबनम उभी राहिली. "हाय अल्लाह," ती म्हणाली, "इसकी नानी को गुज़रे दो साल हो गए. ये दो साल से..." घरातल्या सगळ्यांना ठाऊक होतं, पोरीला कोणी सांगितलंच नव्हतं. सांगायला कोणाकडे भाषाच नव्हती.

शबनम पुढे आली आणि मला म्हणाली, "दीदी, आप इसे बता दीजिए ना." मी ते सारिकाला सांगितलं. सारिका म्हणाली, "मी नाही, ही दुभाषीही नाही. आई सांगेल. मी शिकवते." आणि सगळ्या हॉलसमोर तिने शबनमचे हात आपल्या हातात घेतले. नानी. आजारी होती. वारली. तुझ्यावर रागावली नव्हती. तुझ्यावर माया होती. शबनमने नानीचीच खूण दोनदा चुकवली, झोयाने ती सुधारली. मग झोयाने तेच पुन्हा विचारलं, रागावली नव्हती? आणि शबनमने कोणाचीही मदत न घेता सांगितलं, नाही. पोर आईला बिलगली. मी रडत होते, गुप्ताजी चष्मा पुसत होते, आणि सारिकाचे डोळे मात्र मुलांवर होते. मुलाखतीत माझ्या तोंडून निघालेलं ते वाक्य अखेर खोटं ठरलं नाही.

टाळ्या पडल्या तशा मुलांनी चमकून पाहिलं. सारिकाने दोन्ही हात उंच करून पंजे फिरवून दाखवले, टाळ्या अशा. सगळा हॉल हात वर करून उभा राहिला. सगळ्यात उंच हात शबनमचे होते. चोप्रा मॅडम उठल्या आणि म्हणाल्या, "असिस्टेंट-वसिस्टेंट कुछ नहीं. सारिका मैडम सोमवार से दूसरी क्लास की टीचर हैं." मी हे सांगायच्या आधीच सारिकाने त्यांच्या चेहऱ्यावरून ओळखलं होतं, पण मी ते सांगितलंच. ते वाक्य सांगायचा हक्क मी सोडणार नव्हते.

फाटकापाशी आबा थांबले होते. मी दुभाष्याच्या सवयीने मध्ये जाऊन उभी राहिले, तर त्यांनी मला हाताने बाजूला केलं. मग त्या फौजी, जाड्याभरड्या बोटांनी त्यांनी लेकीला विचारलं, आज शाळेत काय झालं? म्हातारपणी शिकले होते, लेकीकडूनच. सारिका सांगायला लागली. आचारी आणि कुत्र्याच्या वेळी होते तेच हात. शबनम झाली, गुप्ताजी झाली, मीसुद्धा झाली. आबा पोट धरून हसले, मग डोळे पुसले. त्यांची बस गेली, दुसरीही गेली. मी लांब उभी राहून बघत होते. माझी तिथे काही गरज नव्हती, आणि आयुष्यात एवढा आनंद मला कुठल्याच कामाने दिला नाही.

गेल्या महिन्यात मी निवृत्त झाल्याचं कळल्यावर सारिकाने मला वर्गात बोलावलं. हात वर, गलका चालू. मुलांनी विचारलं, यांचं नाव काय? सारिकाचा उजवा हात उठला, दोन बोटं जोडली गेली, आणि थांबली. "तुम्हीच ठेवा नाव," ती त्यांना म्हणाली.

मुलांनी मला बराच वेळ निरखलं. मी त्यांच्याशी बोलत होते आणि चष्मा घसरत होता. आमचे हात कामात असतात, त्यामुळे आम्ही दुभाषी चष्मा मनगटाने वर सारतो. झोयाने ते पाहिलं. मनगटाची पाठ नाकाशी नेऊन वर ढकलली, आणि सगळ्या वर्गाने माझं नाव गिरवलं. मी सारिकाला विचारलं, आणि जुनं? ती म्हणाली, "जुन्या लोकांसाठी जुनं राहील. ते खोटं नाही." मला ते पटलं.

तेवढ्यात झोयाने दप्तरातून पट्टी काढली. लाकडी, फूटभर. खोटं कशाला सांगू, माझा हात आपोआप मागे गेला. तिने वही उघडली, पट्टी टेकवली आणि जीभ दाताखाली धरून समासाची रेघ आखली. रेघ सरळ आली का ते बघायला तिने वही माझ्यापुढे धरली. मी दोन्ही हात वर करून पंजे फिरवले.